‘मुलांना आणू नये’, म्हणजे नक्की कोणी येऊ नये?

शहरांतल्या काही लग्नपत्रिकांत, आणि त्याहून अधिक फोनवर येणाऱ्या आमंत्रणांत, अलीकडे एक नवी ओळ दिसते : ‘कृपया लहान मुलांना सोबत आणू नये.’ कुठे ती अधिक गोड असते : ‘हा सोहळा फक्त मोठ्यांसाठी.’ ‘आहेर आणू नये’ या ओळीचे आपण चळवळीतल्या बायकांनी मनापासून स्वागत केले. ही ओळही तशीच समंजस वाटते. माझ्या मते ती तशी नाही.

आपल्या पत्रिकेची रीत आठवून पाहा. निमंत्रण ‘सहकुटुंब सहपरिवार’ असते. खालच्या कोपऱ्यात घरातल्या चिमुकल्यांची नावे आणि ‘आमच्या मामाच्या लग्नाला यायचं हं!’ असते. म्हणजे मुले नुसती पाहुणी नव्हती, निमंत्रक होती. जुन्या रीतीत सगळे चांगलेच होते असे मी म्हणत नाही. मुले मांडवात हुंदडत, कारण कुणीतरी बाई त्यांच्यामागे धावत असे. मुलाला भरवता भरवता तिची पंगत हुके आणि नवरा मात्र पहिल्या पंगतीला जेवून पान खात बसलेला असे. तरीही ती तिथे होती. आता तेवढेही राहत नाही.

कारण पत्रिकेत मूल वगळले की मूल हवेत विरून जात नाही. कोणीतरी त्याच्याजवळ घरी थांबावे लागते. कोणी, हा प्रश्न बहुतेक घरांत विचारलाही जात नाही. केंद्र सरकारने २०१९ साली केलेल्या वेळ-वापर सर्वेक्षणात, घरातल्या माणसांची विनामोबदला देखभाल करणाऱ्या बायकांचा त्यात दिवसाला सरासरी १३४ मिनिटे वेळ जात होता, पुरुषांचा ७६ मिनिटे. ज्या घरात रोजची वाटणी अशी आहे, तिथे लग्नाच्या दिवशी ती अचानक समान होईल का? आमच्या वस्तीतल्या गटात एका मैत्रिणीने सांगितले, “सख्ख्या भाचीचं लग्न होतं. हे जाऊन आले. मी फोटो पाहिले.” तिचे बाळ सात महिन्यांचे, अंगावर पिणारे. पत्रिकेने तिला ‘येऊ नका’ म्हटले नव्हते. तशी गरजच पडली नाही.

एक लग्न चुकले तर काय बिघडले, असे कोणी म्हणेल. ज्यांना एरवी मनात येईल तेव्हा बाहेर पडता येते, त्यांचे फारसे बिघडत नाही. पण असंख्य विवाहित बायकांना सासरहून विनासायास निघता येते ते लग्नकार्यासाठीच. तिथे आई भेटते, बहीण भेटते, शाळेतली मैत्रीण भेटते. माझ्याकडे येणाऱ्या छळाच्या प्रकरणांत, ‘पहिल्यांदा कोणाला सांगितलंत?’ असे विचारले की ‘मावशीच्या मुलाच्या लग्नात बहिणीला’ अशा तऱ्हेचे उत्तर मी ऐकलेले आहे. साडी नेसताना दंडावरचा वळ दिसतो आणि बोलणे सुरू होते. त्या घरात मूल ठेवून येणे शक्य नसते. सासूच्या हाती ठेवले तर परत येईपर्यंत जिवाला घोर. एकट्या आईला तर ठेवायला कोणीच नसते.

दुसरी बाजूही मला दिसते. आज अनेक मुली स्वतःच्या कमाईतून लग्नाचा खर्च करतात. ताटाचा दर त्यांना ठाऊक असतो. आपला दिवस शांतपणे पार पडावा असे वाटण्यात काही गैर नाही. २०२० साली करोनाच्या निर्बंधांत लग्नाला ५० माणसांचीच परवानगी होती आणि दहा वर्षांखालील मुलांनी घरीच राहावे असे सरकार सांगत होते. तेव्हा ही ओळ समजण्यासारखी होती. लग्न छोटे करा, ही तर आपलीच मागणी आहे. १८७३ पासून सत्यशोधक विवाहाने साधेपणाची वाट दाखवली. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखाली तीन साक्षीदारांत लग्न होते. तेव्हा यादी अवश्य छोटी करा. साहेबांचे साहेब, व्यापारातले ओळखीचे, पुढारी यांची नावे आधी कापा. काटकसरीचा पहिला वार तान्ह्या मुलाच्या आईवर का?

मूल सांभाळणे हे एकट्या आईचे काम नाही, हे आपण कामाच्या ठिकाणी मान्य करून घेतले आहे. १९४८ च्या कारखाना कायद्यात पाळणाघराची तरतूद आली. १९६९ साली मीरा महादेवन यांनी दिल्लीत एका बांधकामावर मजूर बायकांच्या मुलांसाठी पाळणाघर सुरू केले आणि त्यातून ‘मोबाइल क्रेशेस’ ही संस्था उभी राहिली. २०१७ च्या कायदा-दुरुस्तीने ५० किंवा अधिक कर्मचारी असलेल्या आस्थापनांवर पाळणाघराचे बंधन घातले. अंमलबजावणी तोकडी असेल, पण तत्त्व ठरले आहे. मग लाखो रुपये भाड्याच्या कार्यालयात गाड्या लावायला माणसे असतात, आणि बाळाला पाजायला पडद्याआडचा एक कोपरा का नसतो?

तेव्हा लग्नघरातल्या मैत्रिणींना माझ्या चार सूचना आहेत. एक, कार्यालय ठरवतानाच मुलांसाठी एक खोली मागा आणि दोन ताईंना योग्य मोबदला देऊन तिथे नेमा. फुलांच्या कमानीपेक्षा हा खर्च जास्त होणार नाही. दोन, त्या खोलीत बाबालोकांच्याही पाळ्या लावा. तीन, कर्कश डीजेमुळे मुले नकोत असे वाटत असेल, तर आवाज कमी करा. म्हाताऱ्या माणसांनाही बरे वाटेल. चार, काहीच जमत नसेल तर निदान त्या आईला स्वतः फोन करा आणि ‘तुला यायला काय सोय लागेल?’ असे विचारा. नवऱ्याकडे निरोप ठेवू नका.

आणि कार्यालयाच्या मागच्या बाजूलाही एकदा डोकवा. भांडी घासायला आलेल्या बाईचे मूल तिथे पोत्यावर झोपलेले असते. वरातीत डोक्यावर दिवे घेऊन चालणाऱ्या बाईच्या कडेवरही कधी मूल दिसते. त्या मुलांना कोणी बोलावलेले नसते, तरी त्यांना यावेच लागते. मुलांची खोली केलीत, तर तिचे दार त्यांनाही उघडे हवे.

तुमच्या गावात, तुमच्या गटात असे कुठे झाले असेल, तर जरूर लिहून कळवा.