छायाचित्राला हवे असलेले घरकुल

वास्तुकला आता संगणकाच्या पडद्यावर घडते, ही चर्चा मुंबई-पुण्याच्या वातानुकूलित दालनांत मोठ्या हौसेने चालते. कुरखेड्याच्या आदिवासीला तिच्याशी काय कर्तव्य, असे ज्यांना वाटते त्यांनी घरकुलाचा हप्ता कसा सुटतो ते पाहावे. धनिकाला पडद्यावरचा आराखडा नाकारता येतो. घरकुलवाल्याला ती मुभा नाही.

२०१६ साली इंदिरा आवास योजनेची जागा प्रधानमंत्री आवास योजनेने घेतली. घर किमान २५ चौरस मीटरचे आणि दुर्गम भागासाठी केंद्राने ठरवलेली रक्कम १ लाख ३० हजार रुपये. पाया, जोते, खिडकीची पातळी, लिंटल, छताचे ओतकाम अशा पायऱ्या आखलेल्या आहेत. त्यांची जागा व वेळ नोंदवलेली छायाचित्रे मोबाईलवरून चढली की पुढचे पैसे. केवळ कागदावर उभ्या राहणाऱ्या घरांविरुद्ध ओरड आपणही केली आहे, तेव्हा पुरावा मागण्याला आपला विरोध असू शकत नाही. परंतु चोर पकडण्यासाठी आणलेला कॅमेरा आता घराचा नकाशा ठरवू लागला आहे, त्याचे काय?

झाडीपट्टीतले जुने घर उलट्या क्रमाने उभे राहते. आधी खांब रोवायचे, त्यांवर आढे व कवेलूचे छप्पर चढवायचे, मग त्या सावलीत बांबूचे कुड विणून माती-शेणाने लिंपायचे. या घराचे लिंटल कोठे शोधणार आणि ओतकामाचे छायाचित्र कशाचे काढणार? योजनेच्या नियमांत स्थानिक साहित्य वापरावे, ठेकेदार नसावा, असे स्पष्ट लिहिलेले आहे. नियमाने दिलेले हे स्वातंत्र्य पायऱ्यांची यादी निमूटपणे काढून घेते. मग कोरपना-राजुऱ्याकडच्या कारखान्यांतले सिमेंट जंगलात येते, आणि मे महिन्यात पारा पंचेचाळिशीपार गेला की स्लॅबखालची माणसे अंगणात झोपतात. धानाची कोठी, गोठा, मोहफुले वाळवण्याची जागा, मागची सांदवाडी यांना त्या चौकटीत घरच नाही. चौकटीत मावतो तो रंगवलेला दर्शनी भाग आणि त्यापुढे उभा केलेला लाभार्थी. फ्लेक्सवर छापायला तेवढे पुरते. २०२४ च्या नव्या ॲपने तर चेहऱ्याचीही ओळख पटवून घेण्याची सोय केली. माणसाचा चेहरा यंत्राला ओळखता येतो, त्याचे घर मात्र येत नाही!

शेजारच्या चंद्रपूर जिल्ह्यात चिचपल्लीला शासनाचेच बांबू संशोधन व प्रशिक्षण केंद्र आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याने बांबू गौण वनोपज ठरला आणि २००९ साली मेंढा-लेखाने सामूहिक वनहक्क मिळवून दाखवला. म्हणजे साहित्य गावाचे, हक्क गावाचा, कारागीर गावाचा. फक्त हप्त्याची पायरी दिल्लीची.

म्हणून मागणी नेमकी असावी. कुड-कवेलूच्या घरासाठी बांधकामाच्या पायऱ्या वेगळ्या ठरवाव्यात, त्या ग्रामसभेने ठरवाव्यात, आणि छायाचित्र हा त्या निर्णयाचा पुरावा म्हणूनच स्वीकारावा. कुरखेडा तालुक्यातील साथींनी हा ठराव येत्या ग्रामसभांत संमत करून घेऊन पंचायत समितीपुढे न्यावा. मंजूर घरकुलांचे जोते खणले जाण्यापूर्वी हे व्हायला हवे.