घरोघरची अक्का



बेळगाव-निपाणीकडच्या मराठी घरांत थोरल्या बहिणीला ताई म्हणतात, तसंच अक्काही म्हणतात. अक्का, अण्णा, अप्पा हे शब्द कानडीतून आपल्याकडे आले आणि असे मुरले की ते बाहेरून आलेत हे कुणाच्या लक्षातही येत नाही. कर्नाटकात मात्र नुसतं 'अक्का' म्हटलं की एक नाव हमखास आठवतं, ते अक्कमहादेवीचं.

माझी भाची नववीत आहे. कानडीच्या पुस्तकातलं वचन पाठ करताना तिनं मला विचारलं, "मामा, ही आपल्यातली की त्यांच्यातली?" सीमाभागात वाढलेल्यांना हा प्रश्न नवा नाही. म्हणून या वेळी थोडं अक्काविषयी.

अक्का बाराव्या शतकातली. जन्म आजच्या शिवमोग्गा जिल्ह्यातल्या उडुतडीचा. लहानपणापासून शिवभक्त. चेन्नमल्लिकार्जुन हाच आपला पती, असं तिनं ठरवून टाकलं होतं. कौशिक नावाच्या राजानं तिला मागणी घातली. हरिहर कवीनं लिहिलेल्या चरित्रात तिनं अटी घालून लग्न केलं आणि राजानं अटी मोडल्यावर ती निघाली. इतर कथांत लग्न झालंच नाही. सगळ्या कथांत एक गोष्ट मात्र सारखी आहे. तिनं राजवाडा सोडला, अंगावरची वस्त्रंसुद्धा सोडली, आणि मोकळ्या केसांनिशी एकटी चालू लागली.

चालत ती कल्याणला, म्हणजे बीदर जिल्ह्यातल्या आजच्या बसवकल्याणला पोचली. तिथल्या अनुभवमंटपात बसवण्णा होते, अल्लमप्रभू होते. तिला सहज प्रवेश मिळाला नाही. 'शून्यसंपादने' या ग्रंथात तो प्रसंग आहे. अल्लमप्रभूंनी तिची खरपूस उलटतपासणी घेतली. सगळं सोडलंस, तर केसांनी अंग का झाकतेस, असा त्यांचा रोख होता. तिच्या उत्तराचा आशय असा, की झाकणं माझ्यासाठी नाही, बघणाऱ्यांना त्रास होऊ नये म्हणून आहे. लाज कुणाची आणि कुणी सांभाळायची, हा हिशेबच तिनं उलटा मांडला. त्यानंतर त्या सभेनं तिला अक्का मानलं. वयानं ती तरुण होती, तरी थोरले तिला अक्का म्हणू लागले.

आपल्याला हे अनोळखी वाटायला नको. साधारण शंभर वर्षांनी आपल्याकडे मुक्ताबाई झाली. ती भावंडांत सगळ्यात धाकटी, पण ज्ञानदेव रुसून दार लावून बसले तेव्हा समजावणारी तीच, आणि वयोवृद्ध चांगदेवांची गुरूही तीच. विठोबाला आपण कानडा म्हणतो आणि पंढरीला जातो. उत्तर कर्नाटकातून उगादीच्या आधी हजारो लोक तसेच पायी श्रीशैलला मल्लिकार्जुनाच्या दर्शनाला जातात. अक्काही शेवटी तिथंच गेली. श्रीशैलजवळच्या तिच्या नावाच्या गुहेकडे कृष्णेतून होडीनं जाता येतं. निपाणीजवळची वेदगंगा दूधगंगेला मिळते, दूधगंगा कृष्णेला, आणि तेच पाणी अलमट्टीवरून पुढे श्रीशैलला पोचतं. नदीला कुणी सीमा विचारत नाही.

अक्काची वचनं जगभर पोचली त्यातही बेळगावचा एक धागा आहे. ए. के. रामानुजन तरुणपणी बेळगावात इंग्रजी शिकवत होते. पुढे १९७३ साली त्यांचं 'स्पीकिंग ऑफ शिवा' हे इंग्रजी पुस्तक आलं. त्यात बसवण्णा आणि अल्लमप्रभूंच्या बरोबरीनं अक्काची वचनं आहेत. विजयपूरला २००३ साली स्थापन झालेल्या महिला विद्यापीठालाही आज तिचंच नाव आहे. आपण चैत्र पौर्णिमेला जोतिबाच्या यात्रेला जातो, त्याच दिवशी कर्नाटकात अक्काची जयंती असते.

पण नाव देणं आणि जयंती करणं सोपं आहे. आपल्याच घरातली मुलगी "मला हे स्थळ नको" म्हणाली की काय होतं? माझ्या आत्तेबहिणीनं बेंगळुरूत नोकरी करताना लागोपाठ तीन स्थळांना नकार दिला. दिवाळीला ती घरी आली, तर वर्षभरात ती काय शिकली, कुठं कुठं फिरली हे कुणीच विचारलं नाही. "आता किती दिवस असं?" एवढंच सगळे विचारत होते. आत्या तर म्हणाली, "लोक काय म्हणतील?" त्याच आत्याच्या देव्हाऱ्याशेजारी मुक्ताबाईची तसबीर आहे. आठशे वर्षांपूर्वी नाही म्हणणारीला आपण संत म्हणतो आणि आज नाही म्हणणारीला हट्टी.

जगात राहायचं तर स्तुती-निंदेनं डळमळू नये, असा अक्काच्या एका गाजलेल्या वचनाचा आशय आहे. ती हे गुहेत राहणाऱ्याला सांगत नाही, चारचौघांत राहणाऱ्याला सांगते. लोक काय म्हणतील याचं उत्तर त्यात आहे, आणि ते मुलींइतकंच आईवडिलांनाही लागू आहे.

भाचीला मी सांगितलं, "ज्या घरात थोरल्या बहिणीला अक्का म्हणतात, त्या सगळ्या घरांची ती." तिला ते पटलं असावं, कारण तिचा पुढचा प्रश्न होता, "मग मी पण एकटी फिरायला जाऊ का?"

तिच्या आईला मी अजून काही सांगितलेलं नाही. तुमच्या घरी हा प्रश्न आला तर तुम्ही काय उत्तर द्याल, ते जरूर कळवा.