लॅबिरिंथोडॉन्ट : नामशेष प्राणी की नामशेष संज्ञा?

शब्दकोशाकडे आपण एका विश्वासाने जातो, आणि वैज्ञानिक संज्ञांच्या बाबतीत तो विश्वास दुप्पट असतो. साहित्यातील संज्ञा संदिग्ध असणार हे आपण गृहीतच धरलेले असते. ‘आधुनिकता’ म्हणजे काय यावर दोन प्राध्यापकांचे एकमत झाले, तर आपल्याला उलट शंका येते. विज्ञानात मात्र एक वस्तू, एक नाव, एक अर्थ असा चोख व्यवहार चालतो अशी आपली समजूत. ही समजूत किती भाबडी आहे ते पाहायचे असेल तर ‘लॅबिरिंथोडॉन्ट’ हा शब्द घ्यावा. इंग्रजी कोशांतून त्याचा अर्थ सहसा ‘नामशेष झालेला एक उभयचर प्राणी’ अशा आशयाचा, फार तर दातांच्या रचनेचा उल्लेख जोडून, दिलेला आढळतो. मराठीत हा शब्द येतो तोही याच अर्थाचे बोट धरून. माझे म्हणणे असे की, या व्याख्येतील ‘नामशेष’ हा शब्द अर्धाच खरा आहे, ‘उभयचर’ हा दिशाभूल करणारा आहे, आणि ‘एक’ हा तर सरळ चुकीचा आहे.

शब्दाचा जन्म पाहू. १८२८ साली गेओर्ग फ्रिडरिक येगर या जर्मन अभ्यासकाने व्युर्टेम्बर्ग प्रांतातील खडकांत सापडलेल्या अवशेषांवरून एका प्राण्याला ‘मास्टोडॉनसॉरस’ असे नाव दिले. त्याच्या समोरच्या दाताचे टोक स्तनाग्रासारखे दिसत होते. नावाचा अर्थही ‘स्तनासारखे दात असलेला सरडा’ असाच होतो. पुढे इंग्लंडमधील वॉरिकजवळच्या वालुकाश्मात तसेच दात मिळाले आणि ते रिचर्ड ओवेन यांच्या हाती आले. ओवेन यांनी दाताचा आडवा काप काढून तो सूक्ष्मदर्शकाखाली धरला. दाताचे द्रव्य आत आत घड्या घालत गेलेले, एकेक घडी वळणे घेत दाताच्या गाभ्यापर्यंत पोहोचलेली, असे ते दृश्य होते. क्रीटच्या दंतकथेतील, मिनोटॉरला कोंडून ठेवलेली ती वाट चुकवणारी वास्तू ओवेन यांना आठवली, आणि १८४१ मध्ये त्यांनी ‘लॅबिरिंथोडॉन’ हे नाव सुचवले. हा प्राणी सरडा नाही आणि हत्तीच्या कुळातील मास्टोडॉनशीही त्याचा संबंध नाही, तेव्हा जुने नाव टाकून द्यावे, असा त्यांचा युक्तिवाद होता.

युक्तिवाद बिनतोड होता, तरी तो हरला. प्राणिशास्त्रीय नामकरणात आधी दिलेले नाव टिकते. ते शोभते की नाही हे पाहिले जात नाही. (आपल्याकडेही माणसाचे नाव ठेवताना हाच नियम आहे.) मास्टोडॉनसॉरस तसाच राहिला आणि ‘लॅबिरिंथोडॉन’ प्रजातीच्या पातळीवर बाद झाले. पण शब्द मेला नाही, त्याला बढती मिळाली. अशी घडीदार दातांची आणि भक्कम, छपरासारख्या कवटीची जी जी जुनी चतुष्पाद सापडत गेली, ती सगळी एका मोठ्या गटात घालून त्या गटाला ‘लॅबिरिंथोडॉन्शिया’ म्हणण्यात आले. पुढची शंभराहून अधिक वर्षे पाठ्यपुस्तकांतून हा गट सुखाने नांदला.

याच ओवेन यांनी, याच सुमारास, १८४२ मध्ये आणखी एक शब्द घडवला : ‘डायनोसॉर’. दोन भावंडांची नशिबे कशी वेगळी व्हावीत याचे हे नामी उदाहरण आहे. डायनोसॉर हा शब्द मध्यंतरी शास्त्रज्ञांनी जवळजवळ निकालात काढला होता. १८८७ साली सीली यांनी त्या गटाचे दोन स्वतंत्र भाग केले तेव्हापासून तो नुसता सोयीचा लोकप्रिय शब्द मानला जाई. १९७० नंतर मात्र हे दोन्ही भाग एकाच पूर्वजाचे वंशज आहेत हे पुन्हा मान्य झाले, आणि शब्दाला शास्त्रात मानाची जागा मिळाली. फक्त पक्ष्यांनाही डायनोसॉर म्हणावे लागले. लॅबिरिंथोडॉन्टच्या वाट्याला हे भाग्य आले नाही. त्याचे कारण समजून घेण्यासारखे आहे, कारण त्या कारणाशी साहित्याच्या अभ्यासकाचा फार जवळचा संबंध आहे.

गट कशावरून ठरवायचा, लक्षणावरून की वंशावरून? दातांच्या घड्या हे लक्षण डोळ्यांत भरणारे होते खरे. पण तशाच घड्या युस्थेनॉप्टेरॉनसारख्या प्राचीन माशांच्या दातांतही आहेत. म्हणजे या प्राण्यांनी ते लक्षण नव्याने मिळवले नव्हते, ते पूर्वजांकडून चालत आलेले होते. घोरपडीच्या कुळातील सरड्यांच्या दातांच्या बुडाशी आणि इक्थिओसॉरसारख्या सागरी सरीसृपांतही दाताच्या द्रव्याला साध्या घड्या पडलेल्या आढळतात. मग एका लक्षणावरून ‘हे सगळे एक’ असे कसे म्हणायचे? दुसरी अडचण याहून मोठी. आजच्या समजुतीप्रमाणे या तथाकथित गटाच्या एका शाखेजवळून सरीसृप, पक्षी आणि सस्तन, म्हणजे तुम्ही-आम्हीसुद्धा, उद्भवलो. आणि टेम्नोस्पॉन्डिल नावाच्या दुसऱ्या शाखेतून आजचे बेडूक व सॅलॅमँडर आले असावेत असे पुष्कळ अभ्यासकांचे मत आहे. २००८ साली वर्णन झालेल्या जेरोबॅट्रॅकस या टेक्ससमधील जीवाश्माने या मताला बळ दिले. म्हणजे ‘लॅबिरिंथोडॉन्शिया’ हे कुटुंब कसले, तर आजोबा, काका, आत्या सगळे मोजायचे आणि मुले-नातवंडे वेगळ्या घरात राहतात म्हणून गाळायची, अशी ती शिरगणती. वंशावर आधारलेल्या वर्गीकरणाने ती अमान्य केली. गट मोडला, शब्द मात्र विशेषणासारखा मागे उरला.

या जागी आपल्या वाङ्मयेतिहासाची आठवण होणे अपरिहार्य आहे. संत, पंत आणि तंत ही त्रयी आपण शाळेपासून घोकतो. यांतली कोणती नावे वंशाची आणि कोणती लक्षणाची? महानुभाव वाङ्मय म्हटले की निदान एक पंथ, एक गुरुपरंपरा, एका उगमापासून निघालेला ओघ समोर असतो. ‘पंडित कवी’ म्हटले की समोर येते ते लक्षण : अक्षरगणवृत्ते, संस्कृत महाकाव्यांची छाया, शब्दालंकारांची हौस. मुक्तेश्वर परंपरेप्रमाणे एकनाथांच्या मुलीचा मुलगा. त्याला कोणत्या घरात बसवायचे, या प्रश्नाशी आपले वाङ्मयेतिहासकार नेहमीच थोडे अडखळले आहेत. नात्याने पाहावे तर तो संतांच्या अंगणात वाढलेला, आणि शैलीने पाहावे तर पंडितांच्या पंगतीतला. अडखळण्याचे कारण मुक्तेश्वरात नाही. दोन वेगळ्या मापांनी कापलेले कपडे आपण एकाच दोरीवर वाळत घातले, हे त्याचे कारण आहे. प्राणिशास्त्राने विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात हा घोळ निदान ओळखला आणि त्याला नाव दिले. आपल्या परीक्षांतून मात्र अजून ‘पंडित कवींची वैशिष्ट्ये सांगा’ असा प्रश्न येतो आणि विद्यार्थी दातांच्या घड्या मोजून मोकळे होतात.

आता ‘उभयचर’. हा शब्द मराठीत इतका पारदर्शक आहे की तोच त्याचा दोष ठरतो. मूळ संज्ञेतही ‘दुहेरी जीवन’ असाच अर्थ आहे; पण ग्रीक न जाणणाऱ्या इंग्रजी वाचकाला तो ऐकू येत नाही, आपल्याला मात्र ‘उभय’ आणि ‘चर’ दोन्ही खणखणीत ऐकू येतात. म्हणून मगर आणि कासव यांनाही बोलण्याच्या ओघात उभयचर म्हणणारी सुशिक्षित माणसे भेटतात. लॅबिरिंथोडॉन्ट म्हणून गणल्या गेलेल्या प्राण्यांपैकी काही जन्मभर पाण्यात राहणारे होते, काही खाऱ्या पाण्यातही गेले, काही चांगले जमिनीवर वावरणारे, जाड पायांचे होते. ‘उभयचर’ या वर्णनाने यांतील फार थोड्यांचे चित्र उभे राहते.

वाईट शब्दामुळे वाईट चित्र कसे उभे राहते याचा पुरावा लंडनजवळ सिडनहॅमच्या बागेत अजून उभा आहे. १८५४ साली क्रिस्टल पॅलेसच्या आवारात बेंजामिन वॉटरहाउस हॉकिन्स यांनी प्राचीन प्राण्यांचे भव्य पुतळे उभारले. त्यांतील लॅबिरिंथोडॉन हे चक्क अवाढव्य बेडूक आहेत. उभयचर म्हणजे बेडूक, हा तर्क तर त्यामागे होताच. शिवाय काइरोथीरियम या नावाने ओळखल्या जाणाऱ्या, माणसाच्या हातासारख्या दिसणाऱ्या पाऊलखुणा याच प्राण्याच्या असाव्यात असे ओवेन यांना वाटले होते. त्या खुणांत अंगठ्यासारखे बोट पावलाच्या बाहेरच्या बाजूला उमटलेले दिसे. तेव्हा हा बेडूक एका पायापुढून दुसरा पाय ओलांडत चालत असावा, अशीही कल्पना लढवली गेली. पुढे त्या खुणा मगरींच्या दूरच्या नातलगांच्या ठरल्या. एका नावाने दोन अनोळखी वस्तूंची गाठ मारली, आणि त्या गाठीने एक न झालेला प्राणी जन्माला घातला. कवितेत याला आपण प्रतिभा म्हटले असते.

या साऱ्या कहाणीत आपला संबंध काय, असे कोणी विचारील. संबंध आहे, आणि तो अगदी थेट आहे. नागपूरच्या दक्षिणेला सुमारे ६० मैलांवर मांगली नावाचे गाव आहे. तेथील तांबूस वालुकाश्मात एक पसरट, आखूड तोंडाची कवटी सापडली. स्टीफन हिस्लॉप आणि रॉबर्ट हंटर या नागपूरच्या दोन मिशनऱ्यांनी ती लंडनला पाठवली. ओवेन यांनी १८५५ मध्ये तिचे वर्णन प्रसिद्ध केले आणि नाव दिले ‘ब्रॅकिऑप्स लॅटिसेप्स’ : आखूड तोंडाचा, रुंद डोक्याचा. नागपूरचे भोसल्यांचे राज्य १८५४ साली खालसा झाले, त्याच सुमाराची ही घटना. गंमत अशी की, त्या निबंधाच्या शीर्षकात ओवेन या प्राण्याला ‘लॅबिरिंथोडॉन्ट सरीसृप’ म्हणतात. उभयचर नव्हे! त्या काळी उभयचरांना सरीसृपांत गणण्याची प्रथा होती. म्हणजे ज्या माणसाने शब्द घडवला त्याच्या लेखणीत तो कोशातल्या अर्थाने बसतच नाही. ब्रॅकिऑप्सच्या नावावरून पुढे ‘ब्रॅकिऑपिडी’ हे कुलनाम रूढ झाले, आणि जगभरचे अभ्यासक ते आजही वापरतात. याच गोतावळ्यातला कूलासूकस हा प्राणी ऑस्ट्रेलियात सुमारे १२ कोटी वर्षांपूर्वीपर्यंत टिकून होता. मांगलीचा प्राणी सुमारे २५ कोटी वर्षांपूर्वीचा. नामशेष होण्याची घाई या मंडळींना नव्हती.

हिस्लॉप यांचे नाव साहित्याच्या विद्यार्थ्याने आणखी एका कारणाने लक्षात ठेवायला हवे. १८६३ मध्ये टाकळघाटजवळ त्यांचा बुडून मृत्यू झाला. त्यांच्या कागदपत्रांतून रिचर्ड टेंपल यांनी १८६६ साली जे संकलन प्रसिद्ध केले, त्यात गोंडांचे लिंगोचे गीत आहे. एकाच माणसाने त्या मुलखातून एक कवटी उचलली आणि एक गीत टिपून घेतले. कवटीला लॅटिन नाव मिळाले. गीताला आपल्या वाङ्मयाच्या कोणत्या कप्प्यात ठेवायचे हे आपण अजून ठरवलेले नाही.

शेवटी प्रश्न उरतो मराठी प्रतिशब्दाचा. ‘चक्रव्यूहदंती’ हा शब्द सुचतो, कानाला भारदस्त लागतो, आणि म्हणूनच तो टाळावा. चक्रव्यूह म्हटले की मराठी मनात अभिमन्यू उभा राहतो : आत जाण्याची विद्या आहे, बाहेर पडण्याची नाही. दातांच्या घड्यांत कोणी अडकत नाही. त्या घड्यांनी दात मजबूत होतो, इतकेच. ‘भूलभुलैया’ आपल्याला थेट लखनौच्या इमामबाड्यात नेऊन सोडतो. लक्षणच सांगायचे असेल तर ‘वलितदंत’ हे साधे विशेषण पुरेसे आहे. वली म्हणजे घडी. त्रिवलीतली वली आपल्या ओळखीची आहे. एखादा मासाही वलितदंत असू शकतो, घोरपडही काही अंशी असू शकते, आणि ते म्हणताना कोणाच्या वंशाबद्दल आपण काही दावा करत नाही. नाम म्हणून मात्र ‘लॅबिरिंथोडॉन्ट’ हेच ठेवावे, कारण आता ते एका प्राण्याचे नाव नसून एका कालखंडातील समजुतीचे नाव आहे, आणि अशा नावाचे भाषांतर केले की त्याचा इतिहास पुसला जातो. शुद्धीवाद्यांनी फार वाईट वाटून घेऊ नये. ‘लॅबिरिंथ’ हा शब्द ग्रीकांनाही त्यांच्या आधीच्या कोणा लोकांकडून मिळाला असे भाषाशास्त्रज्ञ मानतात, आणि शब्दाच्या शेपटीतला ‘ओडॉन्ट’ तर आपल्या ‘दंत’ शब्दाचा सख्खा चुलतभाऊ आहे. येथे नुसते लक्षण जुळत नाही, वंशही एक आहे. उच्चार तेवढा ‘डॉन्ट’ असा करावा; ‘डोंट’ म्हटले की वर्गातल्या मागच्या बाकांवर हशा पिकतो, असा अनुभव आहे.