कात्रीमागचे हात



मजकुरावर कात्री चालवणं हे आमचं रोजचं काम. म्हणूनच या अंकात आम्ही सिनेमातल्या आमच्या जातभाईंकडे, संकलकांकडे वळलो आहोत. संकलन उत्तम जमलं की ते नजरेत भरत नाही, त्यामुळे त्याविषयी फारसं लिहिलंही जात नाही. आज मात्र ज्याच्या हाती मोबाइल, तो रील कापतो-जोडतो आहे. कुठे कापायचं आणि का, हे विचारण्याची हीच वेळ आहे.

अंकाच्या केंद्रस्थानी आहेत संकलक थेल्मा शूनमेकर. दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसींचा १९६७चा पहिला चित्रपट त्यांनीच संकलित केला. 'वुडस्टॉक'नं त्यांना ऑस्करचं नामांकन मिळवून दिलं. तरीही संकलकांच्या युनियनचं सदस्यत्व नसल्यानं हॉलिवूडचे मोठे चित्रपट त्यांच्यापासून अनेक वर्षं दूरच राहिले. ही कोंडी फुटली स्कॉर्सेसींच्याच 'रेजिंग बुल'मुळे (१९८०), आणि पहिलं ऑस्करही त्याचंच. पुढे 'द एव्हिएटर' आणि 'द डिपार्टेड'साठी आणखी दोन. वयाची ऐंशी ओलांडल्यावरही २०२३च्या 'किलर्स ऑफ द फ्लॉवर मून'मध्ये स्कॉर्सेसी-शूनमेकर ही जोडी कायम होती.

पुरस्कारांच्या यादीपेक्षा आम्हाला संकलनाच्या टेबलावर घडणाऱ्या गोष्टींत रस आहे. 'रेजिंग बुल'मधल्या शेवटच्या बॉक्सिंग लढतीत आवाज एकाएकी ओसरतो आणि आपलाच श्वास अडकतो. असं का होतं?

अंक वाचा आणि तुमच्या मनात रुतून बसलेला एखादा 'कट' आम्हाला जरूर कळवा. पत्र लांबलं तरी चालेल. कात्री आमच्याकडे आहेच!

– संपादक