अकोले पूर्वेला की पश्चिमेला?

अकोले कोणत्या गोलार्धात येतं? स्पर्धा परीक्षेची तयारी करणारा कुणीही झोपेतसुद्धा सांगेल : उत्तर आणि पूर्व. साधारण साडेएकोणीस अंश उत्तर, ७४ अंश पूर्व. उत्तर बरोबर, मार्क तुमचे. पण या दोन शब्दांपैकी एक निसर्गानं दिलाय आणि दुसरा बैठकीत ठरलाय. हे आपल्याला सहसा कुणी सांगत नाही.

विषुववृत्त पृथ्वीनं स्वतःच आखलंय. ती ज्या आसाभोवती फिरते, त्याच्या दोन टोकांच्या बरोबर मध्ये ही रेषा येते. म्हणून आपण मे महिन्यात घामानं निथळतो, तेव्हा मेलबर्नमध्ये स्वेटर बाहेर निघतात. त्यावर मतदान घेता येत नाही.

पूर्व-पश्चिमेचं तसं नाही. गोल फिरणाऱ्या पृथ्वीला पूर्वेचं टोक नसतं. मोजणी कुठून तरी सुरू करावी लागते आणि ते 'कुठून' माणसं ठरवतात. ऑक्टोबर १८८४ मध्ये वॉशिंग्टनला २५ देशांचे प्रतिनिधी बसले. ग्रीनिचच्या बाजूनं २२ मतं पडली, विरोधात एक. फ्रान्स आणि ब्राझील तटस्थ राहिले. कारण व्यवहाराचं होतं : बहुतेक जहाजं आधीच ग्रीनिचवर आधारलेले नकाशे वापरत होती. तरी फ्रान्सनं घड्याळापुरता पॅरिसचा हट्ट १९११ पर्यंत सोडला नाही. आपण मात्र इंग्रजांच्या राज्यात होतो, त्या बैठकीत आपल्याला खुर्चीच नव्हती.

खरं तर रेषा आपल्याकडेही होती. आपले जुने ज्योतिर्विद उज्जैनवरून जाणारी मध्यरेषा धरून गणित करायचे. उज्जैन जवळपास पावणेशहात्तर अंशांवर आहे. म्हणजे त्या हिशेबानं अकोले चक्क पश्चिम गोलार्धात! कळसूबाई जागची हलली नाही, प्रवरा वळली नाही. रेषा सरकली आणि आपला पत्ता बदलला.

आणि हे फक्त पूर्व-पश्चिमेपुरतंच नाही. १९८० च्या ब्रांट अहवालानं श्रीमंत 'उत्तर' आणि गरीब 'दक्षिण' अशी जगाची वाटणी केली. त्यात संपूर्ण उत्तर गोलार्धात असलेला भारत 'दक्षिणेत' गेला आणि ऑस्ट्रेलिया 'उत्तरेत'. आज 'ग्लोबल साउथ' हा शब्द आपण अभिमानानं वापरतो, पण तो भूगोल नाही, पैशांचा हिशेब आहे.

आता घरच्या नकाशाकडे या. अहिल्यानगर हा क्षेत्रफळानं राज्यातला सगळ्यात मोठा जिल्हा, १४ तालुक्यांचा. विभाजनाची मागणी जुनीच. बोलताना आपण सरळ दोन भाग करतो, उत्तर नगर आणि दक्षिण नगर. अकोले 'उत्तरेत'. प्रत्यक्षात नकाशा उघडून बघा. जिल्ह्याच्या मुख्यालयापासून आपण उत्तरेला जेवढे आहोत, त्यापेक्षा जास्त पश्चिमेला आहोत!

गंमत इथपर्यंत ठीक. पण 'उत्तर नगर' म्हटलं की डोळ्यांसमोर साखर कारखाने, कालवे, बागायत येते. १९२६ मध्ये पूर्ण झालेल्या भंडारदरा धरणाचं पाणी त्याच बागायतीकडे जातं. धरण आपल्या तालुक्यात, पाऊस आपल्या डोंगरांवर. आणि वरच्या आदिवासी वाड्यांवर उन्हाळ्यात टंचाई ठरलेली. 'सधन उत्तर' या एका शिक्क्याखाली या वाड्या झाकल्या जातात.

रेषा नकोतच, असं माझं म्हणणं नाही. त्यांच्याशिवाय ना घड्याळ चालेल, ना मोबाइलवरचा नकाशा. पण रेषा आखणाऱ्याला दोन प्रश्न विचारायलाच हवेत : मोजणी कुठून सुरू केली आणि तेव्हा खोलीत कोण कोण होतं?

उद्या जिल्हा विभाजनाची चर्चा पुन्हा तापली की संगमनेर, शिर्डी की श्रीरामपूर, एवढाच वाद रंगेल. मुख्यालय कुठे, याबरोबरच विचारा : घाटघर-रतनवाडीच्या माणसाला एका दाखल्यासाठी किती तास एसटीत बसावं लागेल? १८८४ ला आपल्याला खुर्ची नव्हती. आता ग्रामसभा आहे, मत आहे. बसा की!