स्टेशनाबाहेरचा रस्ता

इतिहासाच्या पुस्तकात आगगाडी एकाच दिवशी येते. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून १४ डब्यांची गाडी सुमारे ४०० पाहुण्यांना घेऊन २१ मैलांवरील ठाण्यास गेली, एवढे वाचून आपण पान उलटतो आणि हिंदुस्थानात आगगाडी सुरू झाली असे समजून मोकळे होतो. आम्हां मुधोळकरांना मात्र येथे जरा थांबून विचारावेसे वाटते, की हिंदुस्थानात म्हणजे नेमकी कोणाच्या दारी?

पुण्यास ती १८५८ साली पोचली; पण मध्ये बोरघाट आडवा होता. पाच वर्षेपर्यंत उतारूंनी घाटाच्या पायथ्याशी उतरावे, पालखीने, तट्टावरून वा पायी घाट चढावा आणि खंडाळ्यास दुसरी गाडी धरावी, असा क्रम होता. २५ बोगदे खोदून १८६३ साली घाट मोकळा झाला. या कामावर १८६१ मध्ये एकाच वेळी ४० हजारांहून अधिक मजूर राबत होते, आणि पटकीने व तापाने त्यांतील हजारो तेथेच राहिले. कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल हाही १८५९ साली येथे येताच दगावला व त्याची पत्नी ॲलिस हिने ते कंत्राट पुढे चालविले. त्या बाईच्या धैर्याचे कौतुक करावे तेवढे थोडेच. मात्र मजुरांच्या विधवांनी पुढे काय केले, हे कोणी लिहून ठेविले नाही.

नागपूरला आगगाडी १८६७ साली गेली. निजामाच्या राज्यात १८७४ साली वाडीपासून सिकंदराबादपर्यंत रूळ पडले. पण तो मार्ग राजधानीला मुंबईच्या मोठ्या मार्गाशी जोडण्यासाठी होता. गोदावरीकाठच्या मराठी मुलखाला ‘हैदराबाद-गोदावरी व्हॅली रेल्वे’ मिळाली ती १८९९ ते १९०१ या काळात. मनमाडपासून औरंगाबाद, परभणी, नांदेड, बासर, निजामाबाद असा हा ३९१ मैलांचा मार्ग होय. मुधोळचे स्टेशन म्हणजे बासर, तेव्हाही आणि आजही.

ठाण्यापासून बासरपर्यंत यावयास आगगाडीला अशी सेहेचाळीस वर्षांहून अधिक काळ लागला. याला आम्ही नुसता विलंब म्हणत नाही. आमचे तर स्पष्ट मत असे आहे, की या काळात एकाच भाषेच्या मुलखाचे दोन भाग पडले. एका भागात १८८० साली पुण्यात उभी राहिलेली किर्लोस्कर नाटक मंडळी आपले पडदे आणि पेट्या घेऊन दूरदूरच्या गावी जाऊ लागली. १८८१ साली निघालेला ‘केसरी’ टपालाच्या डब्यातून लांबवर पोचू लागला. १८८५ च्या डिसेंबरात राष्ट्रीय सभेसाठी देशाच्या निरनिराळ्या भागांतून ७२ प्रतिनिधी मुंबईस जमले. दुसऱ्या भागात आमचे पणजोबा बैलगाडी जुंपीत होते. येथील राजवट वेगळी होती, दरबाराची भाषा वेगळी होती, हेही आमच्या मागे राहण्याचे मोठे कारण खरेच. परंतु विचार हा पायी फार हळू चालतो, हेही तितकेच खरे. आगगाडीने माणसे जोडली असे आपण नेहमी म्हणतो. जेथे ती गेली नाही तेथील माणसे तिने आपोआप दूरही टाकली, हे मात्र म्हणावयाचे राहून जाते.

आता, जेथे ती लवकर गेली तेथे सारे मंगलच झाले काय? तसेही नाही. लॉर्ड डलहौसीच्या मनात लष्कराची ने-आण आणि कापसाची निर्यात या गोष्टी प्रथम होत्या. परक्या भागधारकांना पाच टक्के व्याजाची हमी सरकारने दिली, म्हणजे तोट्याचा बोजा अखेर येथील रयतेच्या माथी बसला. १८७६ ते १८७८ च्या दुष्काळात सोलापुरापर्यंत रूळ होते. धान्य आले, पण मजुराच्या हाती ते विकत घेण्यास दमडी नव्हती, आणि त्याच वर्षांत देशाच्या बंदरांतून धान्य परदेशी जातच होते. १८८० च्या दुष्काळ समितीने २० हजार मैल लोहमार्ग हवेत असे सांगितले. पुढील काळात जेथे धान्य आणि मजुरी ही दोन्ही वेळेवर पोचली तेथे लोक वाचले, हे नाकारणे अन्यायाचे होईल. पण नुसत्या रुळांनी कोणाचे पोट भरले नाही. १८९६ साली मुंबईत उद्भवलेला प्लेगही पुण्याकडे चालत गेला नाही. तो तिकीट न काढता डब्यातूनच गेला.

याहून आम्हांला जवळची वाटते ती बंजाऱ्यांची कथा. आमच्या या मुलखात गावोगाव तांडे आहेत आणि तेथील मुले आपल्याच बाकावर बसून शिकतात. त्यांचे पूर्वज शतकानुशतके या देशाचे वाहतूकदार होते. हजारो लदाऊ बैलांच्या पाठीवर गोण्या घालून ते किनाऱ्याचे मीठ आत आणीत, आतले धान्य बाहेर नेत. वऱ्हाडचा कापूस एके काळी त्यांच्याच बैलांवरून शेकडो मैल दूर गंगाकाठच्या मिर्झापुरास जाई. ज्यांना नकाशा ठाऊक नव्हता, पण प्रत्येक पाणवठा ठाऊक होता, अशी ही माणसे. आगगाडी व पक्क्या सडका आल्या आणि एका पिढीच्या आत हा धंदा बसला. बैल विकले गेले, माणसे रानाच्या कडेला स्थिरावली, कोणी शेती धरली, कोणी मजुरी. एवढ्यावर भागले नाही. १८७१ च्या कायद्याने ज्या जमातींवर जन्मजात गुन्हेगारीचा शिक्का मारण्यास प्रारंभ झाला त्यांत पुढे कित्येक ठिकाणी बंजारेही गोवले गेले. ज्याचे काम आपण काढून घेतले त्याच्या रिकाम्या हातांवरच संशय घ्यावयाचा, असा हा न्याय! वाफेच्या इंजिनाची स्तुती करणाऱ्या निबंधांत या बैलांना एक ओळ तरी मिळावी, असे आम्हांस वाटते.

आगगाडीच्या समर्थकांचा एक मुद्दा मात्र आम्ही मनापासून मानतो. वरच्या जातींचे लोक इतरांच्या शेजारी बसणार नाहीत, असे प्रथम अनेकांना वाटले होते. पण कंपन्यांनी जातवार डबे काढले नाहीत, आणि सोयीपुढे सोवळे नमले. डब्याचा वर्ग ठरला तो पैशावर, जातीवर नव्हे. हा लहान बदल नव्हे. तथापि तो कोठपर्यंत पोचला?

याचे उत्तर १९०१ सालच्या एका प्रवासात आहे. आमचा गोदावरीचा मार्ग पुरा झाला त्याच वर्षी सातारा जिल्ह्यातील मसूर स्टेशनावर काही मुले गाडीतून उतरली. वडील कोरेगावास नोकरीवर होते व सुटीसाठी मुले त्यांच्याकडे निघाली होती. अंगावर नवे कपडे, डोक्यावर जरीच्या टोप्या. वडिलांना पत्र न मिळाल्यामुळे न्यावयास कोणीच आले नव्हते. स्टेशनमास्तरांनी आपुलकीने चौकशी केली. मुले महार आहेत हे कळताच त्यांचा चेहरा पालटला. बाहेर भाड्याच्या बैलगाड्या उभ्या होत्या. एकही गाडीवान त्यांना घेईना. अखेर दुप्पट भाडे घेऊन, आणि गाडी मुलांनीच हाकावी या अटीवर, एक जण तयार झाला. तो स्वतः बाजूने चालत राहिला. वाटेत रात्र झाली, जवळ अन्न होते, पण प्यावयास पाणी कोणी देईना. त्या मुलांतील एक पुढे डॉ. बाबासाहेब आंबेडकर झाला, आणि हा प्रवास त्यांनी आपल्या आठवणींत लिहून ठेविला आहे.

आगगाडीने त्या मुलांचे तिकीट घेतले आणि जात विचारली नाही. जात विचारली गेली ती फलाटावर, आणि पाळली गेली स्टेशनाबाहेरच्या रस्त्यावर. म्हणून एकोणिसाव्या शतकातील आगगाडीने समाज किती बदलला हे मोजावयाचे असेल तर रुळांचे मैल मोजून चालणार नाही. स्टेशनात उतरलेला मनुष्य पुढे आपल्या घरी कसा पोचला, हे विचारावे लागेल.

आमच्या मार्गाचे पुढे काय झाले तेही थोडक्यात सांगितले पाहिजे. तो मीटर रुंदीचा होता व मनमाडास मोठ्या रुंदीचे रूळ. तेव्हा प्रत्येक गाठोडे तेथे एका गाडीतून काढून दुसरीत चढवावे लागे. विसाव्या शतकाच्या अखेरीस रुंदीकरण सुरू झाले, आणि ते नव्या शतकात बासरवरूनही पार झाले. दरम्यान १९५६ साली राज्यांची पुनर्रचना झाली. मुधोळ, भैंसा व कुबेर ही मंडळे नांदेड जिल्ह्यातून निघून आंध्र प्रदेशात, आदिलाबाद जिल्ह्यात आली, आणि २०१६ पासून ती तेलंगणातील निर्मल जिल्ह्यात आहेत. बासर इकडे राहिले, पुढचे धर्माबाद तिकडे. गाडी मात्र ही सीमा ओलांडताना थांबत नाही. आमच्या घरांतील सोयरिकी, बासरच्या सरस्वतीपुढे होणारे अक्षरारंभ, नांदेडचे दवाखाने, हे सारे त्याच रुळांवरून येत-जात असते. दहावीनंतर ज्यांना मराठीतून शिकावयाचे असते त्यांची वाटही बहुधा तिकडेच जाते.

आणि येथे पुन्हा तोच जुना प्रश्न उभा राहतो. मुलगा जातो, मुलीच्या वेळी घरात चर्चा होते. ती चर्चा तिकिटाच्या पैशांची नसते. संध्याकाळच्या गाडीने ती बासरला उतरली तर अंधारातून मुधोळपर्यंत कशी येईल, एवढीच असते. आपण गावकरी अर्ज करतो तेव्हा अमुक गाडी थांबवा, तमुक गाडी वाढवा, असे लिहितो. पुढच्या अर्जात संध्याकाळच्या गाडीच्या वेळेला जुळणारी बस आणि स्टेशनाबाहेर दिवे, ही दोन कलमे प्रथम लिहावीत. अर्जाखाली सह्या करावयास आमच्या वरच्या वर्गांतील मुली तयार आहेत.