मानपान उदंड, मान दुर्मिळ

नागपूरहून अमरावतीकडे जाताना महामार्गावर वर्धा जिल्ह्याच्या आष्टी तालुक्यातले तळेगाव लागते. महाराष्ट्रात तळेगावे पुष्कळ. म्हणून ओळख पटावी यासाठी प्रत्येकाला काही जोड द्यावी लागते. पुणे जिल्ह्यातले एक दाभाड्यांचे, दुसरे ढमढेऱ्यांचे आणि हे वर्ध्याकडचे श्यामजी पंतांचे. नावात तळे आहे, नावात पंत आहेत. तळे खोदताना ज्यांच्या हातांना घट्टे पडले, ते मात्र कुठल्याच तळेगावच्या नावात नाहीत. यात तळेगावकरांचा काही दोष नाही. जगाची रीतच तशी आहे. मान वरच्याचा, घाम खालच्याचा. दोष आहे तो प्रभू येशूचे नाव सांगणाऱ्या आम्हा लोकांचा. हीच रीत आम्ही आपल्या घरांत, चर्चमध्ये आणि समाजात मुकाट्याने चालू ठेवली आहे.

मराठीत 'मान' आणि 'मानपान' असे दोन शब्द आहेत आणि त्यांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे. मानपान म्हणजे व्याह्याला फेटा, विहिणीला साडी, पाहुण्याला शाल-श्रीफळ, पहिली खुर्ची, पहिले पान. मानपानाची परतफेड होते. किंबहुना परतफेड होणार असेल तरच तो केला जातो. मान ही निराळी वस्तू आहे. जो काहीच परत देऊ शकत नाही त्यालाही तो द्यावा लागतो. आपल्या धर्मग्रामांत मानपानाला तोटा नाही. सणाची मिस्सा आटोपली की मंडपात सत्कारांची रांग लागते. देणगीदार, नगरसेवक, कंत्राटदार, परदेशातून आलेला कुणी पाहुणा अशी नावे पुकारली जातात, टाळ्या वाजतात. बाकांच्या पाठींवर देणगीदारांच्या पाट्या असतात. गुडघे टेकले की पुढ्यात देवाच्या नावाआधी माणसाचे नाव दिसते! पहाटे दार उघडणारा, घंटा वाजवणारा, फरशी पुसणारा माणूस त्याच वेळी मंडपामागे पत्रावळी गोळा करीत असतो.

संत याकोबाने आपल्या पत्राच्या दुसऱ्या अध्यायात नेमका हाच देखावा उभा केला आहे. सोन्याची अंगठी घातलेला एक जण सभेत येतो आणि मळक्या कपड्यातला दुसरा येतो. पहिल्याला चांगली जागा मिळते, दुसऱ्याला पायाशी बसायला सांगितले जाते. असे करणाऱ्यांना याकोबाने दुष्ट विचारांचे न्यायाधीश ठरवले आहे. हा उतारा आपण मिस्सेत ऐकतो. वाचन संपताच देवाचे आभार मानतो आणि पहिल्या दोन बाकांवरील 'राखीव' ही चिठ्ठी सरळ करून ठेवतो.

मान कुणाला मिळतो आणि कुणाला नाही, हे पाहायला फार लांब जायला नको. आपले क्रियापदच ते सांगते. तिशीही न गाठलेला धर्मगुरू साठीच्या चर्चसेवकाला 'अरे, इकडे ये' म्हणतो आणि चाळिशीच्या अधिकाऱ्याला 'या, बसा' म्हणतो. घरात धुणीभांडी करणारी बाई आजीच्या वयाची असली तरी नातवंडे तिला एकेरीत हाक मारतात आणि कुणी त्यांना टोकत नाही. मौज अशी की प्रार्थनेत आपण परमेश्वराला 'तू' म्हणतो. तिथे तो प्रेमाचा एकेरी आहे. देणगीदाराला मात्र 'आपण'! इंग्रजीत ही सोय नाही, म्हणून तिथे हे पाप झाकले जाते. मराठीत ते प्रत्येक वाक्यात उघडे पडते आणि ही मला आपल्या भाषेची थोरवी वाटते.

आता घराकडे वळू. आईबापांना मान देण्याची आज्ञा आपण मुलांना पहिल्या कम्युनियनच्या तयारीत पाठ करायला लावतो, जणू ती लहान मुलांनी गप्प बसावे म्हणूनच दिलेली आहे. वास्तविक ती मोठ्यांसाठी आहे. मूळ हिब्रू भाषेत या आज्ञेतील क्रियापदाच्या मुळाशी जड असणे, वजन असणे हा अर्थ आहे. आपणही म्हणतोच, अमक्याचे गावात वजन आहे. तेव्हा आज्ञा अशी की म्हातारपणी ज्यांचे वजन घरात उतरले आहे त्यांना ते परत द्या. निर्णयात, पैशात, जेवणाच्या वेळेत. प्रभू येशूने याच आज्ञेवरून शास्त्र्यांना फैलावर घेतल्याचे मार्काच्या सातव्या अध्यायात आहे. आईबापांना द्यायचे ते 'देवाला अर्पण' असे जाहीर करून लोक मोकळे होत. आमच्यातले 'अर्पण' आज वेगळे दिसते, इतकेच. बाप जिवंत असताना त्याच्या औषधांच्या चिठ्ठीवर भावाभावांत तंटा आणि तो गेल्यावर काळ्या ग्रॅनाइटची कबर, छापील स्मरणपत्रिका, वर्षश्राद्धाच्या मिस्सेला शंभर पाने. आईबापांच्या चरितार्थासाठी २००७ साली संसदेला कायदा करावा लागला, न्यायाधिकरणे नेमावी लागली आणि महिन्याला दहा हजारांपर्यंतची मर्यादा लिहावी लागली. आज्ञा मोशेच्या काळापासून आहे. तिचा हप्ता सरकारने ठरवला.

दुसरी गोष्ट लेकीबाळींची. भारतीय ख्रिस्ती माणसाला १९२५ चा वारसा कायदा लागू आहे. मृत्युपत्र न करता बाप वारला, तर त्या कायद्याप्रमाणे विधवेला एक तृतीयांश आणि उरलेल्यात मुलगा-मुलगी सारखे वाटेकरी. केरळातील मेरी रॉय यांच्या खटल्यात १९८६ साली सर्वोच्च न्यायालयाने त्रावणकोरकडच्या ख्रिस्ती लेकींनाही हाच हक्क असल्याचे सांगितले. आपल्याकडे कायदा आधीपासून स्वच्छ होता. म्हणून आपण दुसरी वाट काढली. तिचे नाव हक्कसोडपत्र. बहिणीला सणाला बोलावायचे, साडीचोळी करायची, जेवू घालायचे आणि दुपारी दुय्यम निबंधकाच्या कचेरीत नेऊन सही घ्यायची. सही न करणारी बहीण 'माहेर तोडणारी' ठरते. साडी हा मानपान आहे. सातबाऱ्यावरचे नाव हा मान आहे. कुणी मनापासून हक्क सोडला तर प्रश्न नाही. पण मनापासून हक्क सोडणारे भाऊ एवढे विरळ का, याचा विचार एखाद्या प्रवचनात झालेला माझ्या ऐकण्यात नाही.

आणि विधवा? मुलाच्या हळदीला त्याची विधवा आई मागच्या ओळीत उभी राहते. तिला कुणी हुसकावलेले नसते. तिला ते न सांगता कळते. दान टाकणाऱ्या गर्दीतून प्रभूने नेमकी विधवाच टिपली, नाईन गावच्या वेशीवर तो तिच्यासाठीच थांबला, आणि आम्ही तिला शकुनाच्या भीतीने मागे ठेवतो. कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड गावच्या ग्रामसभेने ४ मे २०२२ रोजी ठराव करून विधवांच्या बांगड्या फोडणे, कुंकू पुसणे, मंगळसूत्र तोडणे या प्रथा बंद केल्या आणि राज्य सरकारने त्याच महिन्यात इतर गावांना तो कित्ता गिरवायला सांगितले. ते धाडस एका ग्रामपंचायतीचे. आपल्या किती धर्मग्राम परिषदांनी असा ठराव केला?

परक्यांकडून शिकण्याचा विषय निघालाच आहे, तर वर्धा जिल्ह्याइतकी चांगली शाळा मिळायची नाही. तळेगाव ज्या जिल्ह्यात आहे त्याच जिल्ह्यात १९२८ साली जमनालाल बजाज यांनी आपल्या घराण्याचे लक्ष्मीनारायण मंदिर अस्पृश्य मानलेल्या बांधवांना खुले केले. नातलगांचा आणि जातभाईंचा रोष पत्करून केले. सेवाग्राम आश्रमात कुष्ठरोगाने झिजलेले संस्कृत पंडित परचुरेशास्त्री आले, तेव्हा गांधीजींनी आपल्या कुटीजवळ त्यांची कुटी उभारली आणि ते स्वतः त्यांच्या अंगाला मालिश करीत. देशाचे पुढारी भेटीसाठी ताटकळत असत, त्या काळातली ही गोष्ट आहे. मान कुणीकडून कुणीकडे गेला ते पाहावे.

याच वर्ध्यात मगनवाडीला जोसेफ कॉर्नेलियस कुमारप्पा राहत. तंजावरकडच्या ख्रिस्ती घरातला हा माणूस लंडनला हिशेबतपासनीस झाला, अमेरिकेत अर्थशास्त्र शिकला आणि १९३४ पासून खेड्यातल्या तेलघाण्या, हातकागद आणि मधमाश्या यांत रमला. १९४५ साली त्यांचे 'प्रॅक्टिस अँड प्रिसेप्ट्स ऑफ जीझस' हे पुस्तक आले. नावात आचरण आधी, उपदेश मागून. पुढे ते तामिळनाडूत कल्लुपट्टीला राहू लागले. तिथे त्यांच्या झोपडीत गांधीजींचे चित्र होते आणि एका दरिद्री शेतकऱ्याचेही. पहिले माझ्या धन्याचे, दुसरे माझ्या धन्याच्या धन्याचे, असे ते पाहुण्यांना सांगत. आमच्या कार्यालयांतून बिशपांची आणि पोपमहोदयांची चित्रे असतात आणि ती असावीत. पण धन्याच्या धन्याचे चित्र कुठे आहे?

त्या प्रश्नाचे उत्तर आपल्याला नकोसे आहे, कारण ते जातीपाशी जाऊन थांबते. ख्रिस्ती दलितांना अनुसूचित जातींच्या सवलती नाकारणारा १९५० चा राष्ट्रपतींचा आदेश शिखांसाठी १९५६ साली आणि बौद्धांसाठी १९९० साली बदलला. आपल्या बांधवांसाठी बदलला नाही. त्याविरुद्धची मागणी न्याय्य आहे आणि ती जोराने केलीच पाहिजे. मात्र मोर्चात 'आम्ही सारे एक' म्हणणारा घरी येऊन स्थळ आलेल्या मुलाला विचारतो, "मूळचे तुम्ही कोण?" स्नानसंस्काराने पुसले गेले असे आपण शिकवतो, तेच हा प्रश्न उकरून काढतो. तामिळनाडूतील त्रिचीच्या दफनभूमीत दलित ख्रिस्ती मृतांना वेगळे ठेवणाऱ्या भिंतीचा वाद वर्षानुवर्षे गाजला. दुसऱ्या जॉन पॉल पोपमहोदयांनी २००३ साली तामिळनाडूच्या बिशपांना जातिभेदाबद्दल स्पष्ट शब्दांत बजावले. २०१६ साली भारतीय कॅथलिक बिशप परिषदेने दलित सबलीकरणाचे धोरण जाहीर केले आणि चर्चमध्ये भेदभाव आहे हे कबूल केले. २०२२ साली हैदराबादचे आर्चबिशप अँथनी पूला हे दलित समाजातील पहिले कार्डिनल झाले. आनंदाची गोष्ट. पण लाल टोपी रोममध्ये मिळते. पंगतीतले पान इथे वाढले जाते.

कुणी म्हणेल, मग अधिकाऱ्यांचा, धर्मगुरूंचा, वडीलधाऱ्यांचा मान राखायचाच नाही काय? राखायचा. संत पेत्र आपल्या पहिल्या पत्रात राजाला मान द्यायला सांगतो. मात्र त्याच वचनाच्या आरंभी सर्वांना मान द्यायला सांगून मग. संत पौलाने करिंथकरांना शरीराचा दृष्टांत दिला, त्यातही हिशेब उलटा आहे: जे अवयव कमी मानाचे वाटतात त्यांना अधिक मान. ज्याचा मान आधीच जागेवर आहे त्याला आणखी शाल घालून कुणाचे काय भले होते? सहाव्या पॉल पोपमहोदयांनी १९६४ साली आपला रत्नजडित मुकुट उतरवून गरिबांसाठी दिला. त्याने त्यांचे पद लहान झाले नाही. पोप फ्रान्सिस यांनी २०१३ च्या पवित्र गुरुवारी रोममधील बालसुधार तुरुंगात जाऊन कैद्यांचे पाय धुतले, त्यांत मुलीही होत्या. २०१६ साली त्यांनी नियमच बदलला आणि त्या विधीत स्त्रियांना जागा दिली. इतक्या वर्षांनंतरही आपल्याकडे त्या बारा खुर्च्यांवर कोण बसते, हे वाचकांनी येत्या उपवासकाळानंतर डोळे उघडे ठेवून पाहावे.

धर्मभगिनींचेही तसेच. मार्च २०१८ मध्ये व्हॅटिकनच्याच 'लोस्सेर्वातोरे रोमानो' या वृत्तपत्राच्या स्त्रीविषयक मासिकाने लिहिले, की अनेक भगिनी वरिष्ठ धर्माधिकाऱ्यांच्या घरी रांधतात, वाढतात, कपडे धुतात. कामाचा करार नाही, मोबदला नाममात्र किंवा तोही नाही. शत्रूने केलेला आरोप असता तर आपण खुलासे छापले असते. घरातूनच आवाज आला म्हणून आपण वर्तमानपत्राची घडी घालून ठेवली.

धर्मग्रामांच्या वार्षिक सभा होतात तेव्हा जमाखर्च वाचला जातो, मंडप आणि बँडचे आकडे मंजूर होतात. त्या सभेत कुणी तरी उभे राहून विचारावे: आपल्या चर्चसेवकाला, स्वयंपाकीणबाईंना, कब्रस्तानात खड्डे खणणाऱ्या गृहस्थांना पगार किती, आठवड्याची सुट्टी आहे की नाही, भविष्य निर्वाह निधी भरला जातो की नाही, आजारपणाचा खर्च कुणाकडे? उत्तर इतिवृत्तात आकड्यांनिशी लिहून घ्यावे आणि त्या तिघांना सभेला बोलावून, खुर्ची देऊन, त्यांच्यासमोर वाचावे.